आफ्रिकेतल्या रोजच्या जगण्याचे सिनेमे : वाचनालयात दाखवायला काय निवडू?

कोयनाकाठ

नमस्कार मंडळी. आमच्या गावच्या वाचनालयात (पाटण तालुका) दर महिन्याच्या तिसऱ्या शनिवारी संध्याकाळी आम्ही सिनेमा दाखवतो. दोन वर्षं झाली. चादर जाऊन आता नीट पडदा आलाय, प्रोजेक्टर हायस्कूलचा मागून आणतो. तीस-चाळीस माणसं जमतात. निवृत्त शिक्षक, कॉलेजची मुलं, आणि पुढच्या सतरंजीवर आमच्या म्हाताऱ्या बायका. त्या एकही खेळ चुकवत नाहीत. आजवर मराठी, थोडे हिंदी आणि दोन इराणी सिनेमे झाले.

गेल्या महिन्यात पुण्याला मावसबहिणीकडे एक सिनेमा पाहिला. 'धिस इज नॉट अ बरिअल, इट्स अ रिझरेक्शन', २०१९ चा, लेसोथो देशातला. दिग्दर्शक लेमोहांग जेरेमाया मोसेसे. मंतोआ नावाची ऐंशी वर्षांची बाई दक्षिण आफ्रिकेतल्या खाणीवर गेलेल्या शेवटच्या मुलाची नाताळला वाट बघत बसलीय, आणि येते ती त्याच्या मरणाची बातमी. आता तिला स्वतःचं मरण तेवढं हवंय. ती आपल्या मयताची तयारी करायला घेते. तेवढ्यात कळतं की धरण होणार, गाव पाण्याखाली जाणार आणि गावाबरोबर दफनभूमीही. तिची सगळी माणसं जिथं पुरलीत ती जमीन. मग मरायला टेकलेली ही बाई उठून उभी राहते.

माझ्या आजीचं माहेर शिवसागराच्या, म्हणजे कोयना धरणाच्या जलाशयाच्या, तळाशी आहे. धरणाबद्दल ती रागानं कधी बोलली नाही. पण उन्हाळ्यात पाणी ओसरलं की काठावर न्यायची आणि बोट दाखवायची, "तितं आमचा आड व्हता." मला तिथं नुसता गाळ दिसायचा. मंतोआला बघताना पहिल्यांदा मला तो आड दिसला. सिनेमा संपल्यावर बराच वेळ बहिणीशी बोलता आलं नाही.

तर मला तीन-चार महिने अशा सिनेमांची मालिका करायची आहे. आफ्रिकेतले नवे दिग्दर्शक, साध्या माणसांचं रोजचं जगणं, गावानं किंवा समाजानं कडेला टाकलेली माणसं. युद्ध, बंदुका धरलेली मुलं, उपासमार असले सिनेमे नकोत, ते टीव्हीवर पुष्कळ बघितलेत. एखादा शाळेतल्या मुलांनाही दाखवण्यासारखा असावा. मोसेसेचे बाकीचे सिनेमे कसे आहेत? आणि सगळ्यात मोठी अडचण म्हणजे पुढच्या सतरंजीवरच्या निम्म्या बायकांना वाचता येत नाही, इंग्रजी तर लांबच. त्यांच्यासाठी काय करावं?

रीळ

ताई, धागा वाचून बरं वाटलं. मोसेसेबद्दल मला ठाऊक आहे ते सांगतो.

जन्म १९८० चा, लेसोथोतल्या ह्लोत्से गावचा. सिनेमाच्या शाळेत गेलेला नाही, स्वतःच शिकला. आता बर्लिनमध्ये राहतो. तुम्ही पाहिलेला सिनेमा व्हेनिसच्या महोत्सवाच्या एका उपक्रमातून तयार झाला. तिथं नवख्या दिग्दर्शकांना अगदी थोड्या पैशांत, थोड्या दिवसांत सिनेमा करायला देतात. २०२० मध्ये अमेरिकेतल्या सनडान्स महोत्सवात त्याला परीक्षकांचं खास पारितोषिक मिळालं, आणि ऑस्करसाठी लेसोथोनं पाठवलेला तो पहिलाच सिनेमा. मंतोआ झालेल्या मेरी त्वाला दक्षिण आफ्रिकेच्या. आयुष्यभर छोट्या छोट्या भूमिका केल्या आणि ऐंशीच्या उंबरठ्यावर ही मिळाली. जुलै २०२० मध्ये त्या गेल्या. त्यांचा चेहरा मोसेसेनं जसा टिपलाय तसा म्हातारा चेहरा टिपायचं धाडस फार थोडे करतात. सुरकुती लपवायची नाही की तिची कीवही करायची नाही. चित्र जवळजवळ चौरस ठेवलंय, त्यामुळे बाई एकटी असली की चौकट भरून जाते आणि गर्दीत असली की कोंडल्यासारखी वाटते.

त्याचा त्याच वर्षीचा दुसरा सिनेमा 'मदर, आय अॅम सफोकेटिंग. धिस इज माय लास्ट फिल्म अबाउट यू.' कृष्णधवल आहे. गोष्ट अशी नाही. एक बाई पाठीवर लाकडी क्रूस घेऊन रस्त्यांतून, बाजारांतून चालते, आणि मागून देश सोडलेल्या लेकराचा आवाज आईला, म्हणजे मातृभूमीला, पत्र वाचल्यासारखा बोलत राहतो. मला स्वतःला तो फार आवडतो, पण तुमच्या वाचनालयात लावू नका. तुमच्या बायका मंतोआच्या मागे चालत जातील, या सिनेमात त्यांना चालायला वाट नाही. २०२५ मध्ये बर्लिनच्या महोत्सवात त्याचा 'अॅन्सेस्ट्रल व्हिजन्स ऑफ द फ्यूचर' आला. तोही आठवणींचा, तुकड्यातुकड्यांचा. मालिकेची सुरुवात मंतोआनंच करा.

जोबर्गकर

मूळचा कराडचा, जोहान्सबर्गला अकरा वर्षं आहे. कोयनाकाठ ताई, तुम्ही नेमक्या माझ्या दुखऱ्या जागी बोट ठेवलंत.

आमच्या घरच्या नळाचं बरंचसं पाणी लेसोथोच्या डोंगरातून येतं. १९८६ मध्ये दोन देशांत करार झाला. मग कात्से, मोहाले अशी धरणं झाली, बोगदे खणले, आणि डोंगरातलं पाणी उत्तरेला वळवून जोहान्सबर्गच्या बाजूला आणलं. १९९८ पासून ते येतंय. आता पोलिहालीला आणखी एक धरण चालू आहे. कात्सेची भिंत १८५ मीटर उंच, आपल्या कोयनेची १०३. आणि मजा नाही, खरं साम्य बघा : कोयनाही निसर्गानं पूर्वेला कृष्णेकडे निघालेली नदी, तिचं पाणी आपण डोंगर फोडून पश्चिमेला पोफळीच्या वीजघराकडे वळवलं. दोन्हीकडे पाणी गेलं लांबच्या शहरांच्या कामाला आणि गाव सोडलं डोंगरातल्या माणसांनी.

मी कात्सेला गेलोय. भिंतीवर उभं राहिलं की सगळे "काय भव्य" म्हणतात, मीही म्हणालो होतो. नंतर हा सिनेमा पाहिला आणि घरी नळ सोडताना हात थांबायला लागला.

दाखवण्याआधी दोन मिनिटं बोलणार असाल तर एवढं सांगा :

देशाचं नाव तिथली माणसं 'लेसूटू' म्हणतात. तिथले लोक बासोथो, भाषा सेसोथो. चारी बाजूंनी दक्षिण आफ्रिका, मधे हा देश, आणि सगळाच्या सगळा समुद्रसपाटीपासून हजार मीटरच्या वर. म्हणून सिनेमात सगळे घोंगडीसारखी जाड ब्लँकेटं पांघरून दिसतात. ते थंडीपुरतं नाही. लग्न, बाळंतपण, मयत, सगळ्याला ब्लँकेट लागतं. आपल्याकडच्या धनगराच्या घोंगडीला जो मान आहे तसाच.

पुरुष खाणीवर जातात हे तिथं पिढ्यान्‌पिढ्या चाललंय. सोन्याच्या खाणी दक्षिण आफ्रिकेत, मजूर लेसोथोचे. आजोबा गेला, बाप गेला, मुलगा गेला. आपल्या पाटण-जावळीतून माणसं गिरणीत आणि माथाडीत मुंबईला गेली, घरी बाया आणि म्हातारी उरली, तसंच. तुमच्या प्रेक्षकांना मंतोआचा मुलगा समजावून सांगावा लागणार नाही.

आणि सुरुवातीला खोलीत बसून एक माणूस वाद्य वाजवत गोष्ट सांगतो, त्या वाद्याचं नाव लेसिबा. काठीला तार, तिच्या टोकाला पिसाचा तुकडा, आणि तोंडानं श्वास घेत-सोडत वाजवायचं. बहुतेक गुराखी वाजवतात. तोच माणूस सांगतो की मिशनऱ्यांनी गावाला नाझारेथ नाव दिलं, त्याआधी त्याला आसवांचं पठार म्हणत. हे वाक्य चुकवू देऊ नका.

कोयनाकाठ

दादा, माझे आजोबा माथाडीतच होते. हे मी शनिवारी तुमच्याच शब्दांत सांगणार आहे, चालेल ना?

वाचता न येणाऱ्यांचं काय करू ते कुणीतरी सांगा. इराणी सिनेमाच्या वेळी मी शेजारी बसून कानात सांगत होते, पण एका वेळी दोघींनाच ऐकू जातं.

पडदा

कानात कशाला? मोठ्यानं सांगा, माईकवर.

युगांडात हे रीतसर चालतं. तिथल्या व्हिडिओ हॉलना किबांडा म्हणतात. परदेशी सिनेमा लागतो आणि एक माणूस माईक घेऊन लुगांडा भाषेत चालू सिनेमात संवाद सांगत जातो, मधे स्वतःचंही घालतो. त्याला व्हीजे म्हणतात. लोक सिनेमा कुठला आहे यापेक्षा सांगणारा कोण आहे ते विचारून येतात. आपल्याला ही रीत परकी नाही. पिंगुळीचे चित्रकथी हेच तर करत आले, चित्र समोर धरायचं आणि गोष्ट गाऊन सांगायची.

तुमच्या निवडलेल्या सिनेमात बोलणं कमी आहे, त्यामुळे जमेल. फक्त सांगणारी व्यक्ती गावची हवी, पुस्तकी मराठीत नको. सिनेमा आधी तीन वेळा बघायला लावा. जिथं मंतोआ गप्प आहे तिथं सांगणारीनंही गप्प राहायचं, ही एक अट घाला.

वाचणाऱ्यांसाठी मराठी उपशीर्षकं करता येतात. सबटायटलची फाइल साध्या मजकुराची असते, वेळ आणि ओळ, वेळ आणि ओळ. सबटायटल एडिट नावाचं फुकट सॉफ्टवेअर आहे, त्यात इंग्रजी ओळीच्या जागी मराठी लिहीत जायचं. एका ओळीत पस्तीस-चाळीस अक्षरांपेक्षा जास्त नको, नाहीतर मागच्या रांगेतल्यांचं वाचून होत नाही. मी मदत करीन, व्यनि (खासगी निरोप) करा.

परवानगीचंही बघा. घरच्या खात्यावर घेतलेला सिनेमा चार माणसं जमवून दाखवणं चालत नाही. वितरकाला साधं पत्र लिहा, गाव, वाचनालय, किती माणसं, तिकीट नाही, सगळं खरं खरं. छोट्या ठिकाणांना ते बहुतेक वेळा कमी पैशांत देतात. शिवाय आपल्याकडे सेन्सॉरचं प्रमाणपत्र नसलेला परदेशी सिनेमा सगळ्यांसाठी खुला ठेवता येत नाही. फिल्म सोसायटी म्हणून नोंदणी करून अशा सोसायट्यांच्या फेडरेशनचं सदस्यत्व घेतलंत तर सभासदांपुरता खेळ करायला रस्ता सोपा होतो. सभासद फी अकरा रुपये ठेवा, आज्या आनंदानं देतील.

आणखी एक, कारण तुमच्या प्रश्नाशी त्याचं थेट नातं आहे. सेनेगलचे उस्मान सेम्बेन फ्रान्समधल्या मार्सेच्या गोदीत हमाली करत करत लेखक झाले. फ्रेंचमध्ये कादंबऱ्या लिहिल्या, नाव झालं. पण गावी परतल्यावर दिसलं की ज्यांच्याबद्दल लिहितोय त्यांना वाचता येत नाही. म्हणून चाळिशीत सिनेमा शिकले आणि १९६८ मध्ये 'मांदाबी' आपल्या लोकांच्या वोलोफ भाषेत केला. सिनेमा म्हणजे आपल्या लोकांची रात्रशाळा, असं ते म्हणायचे. आज मोसेसेसारखे जे आपापल्या भाषेत सिनेमे करतात ते या वाटेवरून आलेत. तेव्हा वाचता न येणाऱ्या बायका ही तुमची अडचण नाही, ताई. ज्यांच्यासाठी हा सिनेमा सुरू झाला ती माणसं तुमच्या पहिल्या रांगेत बसलीत.

चाफा

मी वरोऱ्याची, कुष्ठरोग विभागात परिचारिका म्हणून बावीस वर्षं काम केलं. माझ्याकडून एकच नाव : 'योमेद्दीन'. इजिप्त, २०१८, दिग्दर्शक ए. बी. शौकी. त्याचा पहिलाच मोठा सिनेमा आणि तो थेट फ्रान्सच्या कान महोत्सवाच्या मुख्य स्पर्धेत गेला.

बेशाय नावाचा माणूस कुष्ठरुग्णांच्या वसाहतीत लहानपणापासून राहतो, कचऱ्याच्या डोंगरातून भंगार वेचून विकतो. रोग कधीच बरा झालाय, खुणा राहिल्यात. बायको वारल्यावर त्याला वाटतं, आपल्याला लहानपणी इथं सोडून गेलेलं आपलं घर तरी एकदा बघावं. गाढवाची गाडी जुंपतो आणि दक्षिणेला केना शहराच्या दिशेनं निघतो. मागून एक अनाथ पोरगा गाडीत लपून येतो, त्याचं नाव ओबामा.

बेशाय झालेला राडी गमाल हा स्वतः कुष्ठरोगातून उठलेला माणूस आहे, नट नव्हे. शौकीनं कैरोच्या उत्तरेच्या अबू झाबल वसाहतीवर आधी एक छोटा माहितीपट केला होता, तिथल्या माणसांत वावरला होता. ते दिसतं. मी सिनेमा बघताना कथेआधी त्याचे हात बघत होते. आखडलेल्या बोटांनी तो लगाम कसा धरतो, पैसे कसे मोजतो. मेकअप करून हे येत नाही. माझ्या वॉर्डात हात बधिर झालेली माणसं चहाचा कप अशीच दोन तळव्यांत धरायची, कारण बोटाला चटका बसला तरी कळत नाही. हा रोग मज्जातंतूंना धरतो, जखम होते ती न दुखल्यामुळे. लोकांना वाटतं अंग झडतं. तसं नसतं.

खोटं कशाला बोलू, सिनेमाचा उत्तरार्ध थोडा गोड आहे. काही प्रसंगांत दिग्दर्शकानं आपल्याला रडवायचंच ठरवलंय असं वाटतं. तरी दाखवा. बाबा आमट्यांनी १९४९ मध्ये इथं काम सुरू केलं त्याला पाऊणशे वर्षं झाली, आणि अजूनही बरं झालेल्या माणसाला भाड्यानं खोली मिळत नाही हे मी डोळ्यांनी बघितलंय. माझ्या ओळखीच्या एका बाईंना त्यांच्या सख्ख्या भावानं लग्नाला बोलावलं आणि मांडवाबाहेर जेवायला वाढलं. त्या जेवून आल्या, काही बोलल्या नाहीत. बेशायला मी त्यांच्या शेजारी बसून बघितलं.

खेळ ठेवलात तर गावातल्या आशाताईंना बोलवा. चट्टा दिसला, तिथं स्पर्श कळत नसला तर लगेच दाखवायचं, औषध फुकट आहे, आणि औषध सुरू झालं की संसर्ग थांबतो, एवढं त्यांनी सिनेमानंतर सांगितलं तरी पुष्कळ.

सातपुडा

चाफाताई, वाचून गलबलून आलं.

मी नंदुरबारच्या बाजूला अंधश्रद्धेविरुद्धच्या कामात आहे. माझी शिफारस रुंगानो न्योनीच्या 'आय अॅम नॉट अ विच'ची, २०१७. न्योनी झांबियात जन्मली, लहानपणी वेल्सला गेली. घानात चेटकीण ठरवलेल्या बायकांच्या छावण्या आहेत, तिथं जाऊन राहून आली आणि मग झांबियात हा सिनेमा केला. ब्रिटनचं पदार्पणाचं बाफ्टा पारितोषिक तिला मिळालं.

आठ-नऊ वर्षांची एक पोर गावात येते. कुणाची म्हणून कुणाला माहीत नाही. वाटेत एका बाईच्या डोक्यावरचं पाणी सांडतं आणि आळ येतो पोरीवर. तिला चेटकिणींच्या छावणीत टाकतात. तिथं सगळ्या म्हाताऱ्या, आणि प्रत्येकीच्या पाठीला लांब पांढरी फीत बांधलेली, मोठ्या रिळावर गुंडाळलेली, उडून जाऊ नये म्हणून. फीत कापलीस तर बकरी होशील, असं पोरीला सांगतात. बायका दिवसभर सरकारी शेतात राबतात आणि पर्यटक येऊन फोटो काढतात.

ती फीत न्योनीची कल्पना आहे, पण मला ती अजिबात कल्पना वाटली नाही. आमच्याकडे डाकीण ठरवलेल्या बाईला कुणी दोरी बांधत नाही. तिच्या विहिरीवर कुणी येत नाही, तिच्या शेतात मजूर जात नाही, पोरं तिच्या दारावरून पळत जातात. दोरी असतेच, दिसत नाही एवढंच. आणि दहातल्या आठ वेळा खणत गेलं की खाली जमिनीचा तुकडा निघतो. विधवा, नावावर दोन एकर, आणि पुतण्याला स्वप्न पडतं की काकू रात्री फिरते. २०१३ पासून आपल्याकडे जादूटोणाविरोधी कायदा आहे. कायद्यानं पोलीस पाटील जागा झाला. मनाचं काम बाकी आहे.

यालाच जोडून केनियाचा 'द लेटर' नावाचा माहितीपट, २०१९, माया लेकाऊ आणि ख्रिस्तोफर किंग या जोडप्याचा. किनाऱ्याकडच्या गावात नव्वदी ओलांडलेल्या आजीवर चेटकाचा आळ येतो आणि मोंबासाहून नातू घरी येतो. आळ कुठून आला याचा माग घरातच, जमिनीपाशी पोहोचतो. ती आजी शेतात काम करताना दिसते तेवढी दृश्यंसुद्धा पुरेत.

एक सूचना. न्योनीच्या सिनेमात पहिला अर्धा तास लोक हसतील. हसू द्या, मधे थांबवू नका. आमच्या पाड्यावर दाखवला तेव्हा हसणारे जसजसे गप्प होत गेले, तसं खोलीत काहीतरी बदललं. नंतर एका पोराने विचारलं, "आपल्याकडची ती अमकी, तिची फीत कुणी धरलीय?" मी उत्तर दिलं नाही. त्याच्या आईनं दिलं.

वाटसरू

चांगल्या शिफारशी आहेत, पण एक बोलतो, कुणी रागावू नका. 'आफ्रिकेचे सिनेमे' अशी पाटी लावू नका. चोपन्न देश आहेत. इजिप्त ते लेसोथो हे अंतर आपल्याकडून युरोपला जाण्याएवढं आहे. लेसोथोचा सिनेमा, इजिप्तचा सिनेमा असंच लिहा आणि भिंतीवर नकाशा लावा.

दुसरं, इथं आलेले बहुतेक सिनेमे युरोपच्या पैशावर झालेत आणि युरोपच्या महोत्सवांत गाजलेत. ज्या गावात चित्रीकरण झालं तिथं ते कधी दाखवले का, हा प्रश्न विचारायला हवा. नायजेरियात लोक आवडीनं बघतात ते नॉलिवूडचे घरगुती सिनेमे, सासू-सुना, जमिनीचे वाद, पास्टर आणि पैसा. तेही रोजचंच जगणं आहे.

रीळ

वाटसरू, पैशाबद्दलचं तुमचं म्हणणं खरं आहे आणि ते दिग्दर्शक स्वतःही बोलतात. पण पैसा युरोपचा म्हणून नजरही युरोपची, असं मला वाटत नाही. खादर अय्दरूस अहमदचं उदाहरण घ्या. सोमालियातल्या मोगादिशूत जन्म, सोळाव्या वर्षी फिनलंडला गेला, पैसे तिकडचे. 'द ग्रेव्हडिगर्स वाइफ', २०२१, चित्रीकरण जिबूतीत, भाषा सोमाली. कबरी खणणारी माणसं फावडी घेऊन इस्पितळाच्या दारात बसतात, कुणी वारलं की काम मिळतं. त्यातल्या एकाची बायको मूत्रपिंडाच्या दुखण्यानं आजारी पडते आणि शस्त्रक्रियेचा खर्च पाच हजार डॉलर. संपूर्ण सिनेमात त्या नवरा-बायकोचं प्रेम इतकं साधं आणि खट्याळ आहे की गरिबी दाखवायला आलेला माणूस ते करूच शकणार नाही. दोघं एका लग्नात न बोलावता घुसतात तो प्रसंग बघा. युरोपात कौतुक झालंच, पण त्याच वर्षी बुर्किना फासोतल्या वागादुगूच्या फेस्पाकोमध्ये, म्हणजे आफ्रिकेच्या स्वतःच्या महोत्सवात, त्याला सर्वोच्च पारितोषिक मिळालं. लांबीही कमी, दीड तासाच्या आत.

वाटसरू

हा मी पाहिलेला नव्हता. काल रात्री पाहिला. तुमचं पटलं. बायको झोपल्यावर लावला होता, अर्ध्यात तिला उठवलं आणि पहिल्यापासून पुन्हा लावला. नकाशाचं मात्र मनावर घ्या, ताई.

मटाटू

नैरोबीहून. मुलांसाठी डोळे झाकून 'सुपा मोडो'. केनिया, २०१८, दिग्दर्शक लिकारिऑन वैनैना. जो नावाची नऊ वर्षांची मुलगी, आजार बरा होणारा नाही, आणि तिला व्हायचंय सुपरहिरो. आई तिला घरात जपून ठेवायला बघते, मोठी बहीण मात्र गावाला हाताशी धरते आणि सगळं गाव मिळून तिचा सिनेमा करतं. सव्वा तासाचा आहे. मोठ्यांनी रुमाल घेऊन बसावं, मुलं मात्र उड्या मारत बाहेर येतात. माझ्या मुलीनं आठवडाभर टॉवेल पाठीला बांधून ठेवला होता.

वनुरी काहियूचा 'रफीकी'ही माझ्या मनाजवळचा आहे, नैरोबीच्या वस्तीतल्या दोन मुलींच्या प्रेमाचा. कानला गेलेला केनियाचा पहिला सिनेमा, आणि केनियातच त्यावर बंदी आली. सप्टेंबर २०१८ मध्ये न्यायालयानं सात दिवसांपुरती बंदी उठवली. नैरोबीत त्या सात दिवसांत खेळामागून खेळ भरून गेले. तुमच्या गावात चालेल का ते तुम्हीच ठरवा. कॉलेजच्या मुलांना वेगळा दाखवता आला तर जरूर दाखवा, त्यांच्यातल्या एखाद्याला त्याची फार गरज असेल.

कोयनाकाठ

सगळ्यांचे मनापासून आभार. ठरलं ते असं : पहिला मंतोआचा, मग योमेद्दीन, मग सुट्टीत सुपा मोडो, मग न्योनी. कबर खणणाऱ्याचा राखीव, पाऊस जास्त झाला आणि लवकर संपवायचं झालं तर. नकाशा हायस्कूलमधून मिळाला. वितरकाला पत्र गेलंय. सोसायटीच्या नोंदणीचे कागद सरपंचांनी स्वतः भरून दिले. पडदा दादांनी आणि मी मिळून उपशीर्षकं करतोय, रोज रात्री शंभर ओळी. सांगायला आमच्या अंगणवाडीच्या मदतनीस मावशी तयार झाल्यात.

कोयनाकाठ

सात आठवड्यांनी लिहितेय. परवानगी यायला वेळ लागला. परवाच्या शनिवारी खेळ झाला.

बावन्न माणसं आली. अर्धी पलीकडच्या पुनर्वसनाच्या वस्तीतून, कारण धरणाचा सिनेमा आहे ही बातमी फिरली होती. मावशींनी फार सुंदर सांगितलं. मंतोआ गप्प तिथं त्याही गप्प. फक्त एकदा, घर जळतं आणि ती राखेत मेंढरांच्या मधे बसलेली दिसते तेव्हा, माईकवर त्यांचा हुंदका आला. कुणी मागे वळून पाहिलं नाही.

मला वाटलं होतं सिनेमा संपल्यावर लोक जमिनीबद्दल, पैशाबद्दल बोलतील. मास्तरांनी सुरुवात तशीच केली. मग सतरंजीवरून एक आजी बोलल्या. पंच्याऐंशीच्या असतील. गाव उठलं तेव्हा नुकत्याच नांदायला आलेल्या. त्या म्हणाल्या, "आमी द्येव वर आनला. वाजत गाजत आनला. माजं पयलं पोर सा दिसाचं गेल्यालं, वड्याकडंला पुरल्यालं. त्ये खालीच ऱ्हायलं." त्यांच्या शेजारी त्यांचा मुलगा बसला होता, साठीचा. त्याला हे माहीत नव्हतं.

मग बाकीच्या बोलायला लागल्या. कुणाचं काय खाली राहिलं ते. एकीचं जातं, एकीच्या सासऱ्यांची समाधी, एकीचा फणस. रात्री साडेअकरापर्यंत कुणी उठलं नाही. आता कॉलेजची दोन मुलं वहीत हे सगळं उतरवून घेणार आहेत, त्या आजींपासून सुरुवात.

जोबर्गकर दादा, तुमच्या नळाचं सांगितलं. त्याच आजींनी विचारलंय, तिकडं पाणी गोडं आहे का.

चाफाताई, पुढच्या महिन्यात योमेद्दीन आहे. आशाताई यायला तयार आहेत. तुम्ही खेळानंतर फोनवरून दहा मिनिटं बोलाल का? स्पीकरची सोय आहे. वेळ तुमच्या सोयीनं ठरवू.

चाफा

दहा मिनिटं कशाला, मीच येते. एसटीचं बघते.